साउंड एडिटर म्हणजे डीजे नव्हे, ताई

ताई, तुमचं पत्र मिळालं. मुलगा बारावी सायन्सला, आणि क्लास बुडवून कृष्णेच्या घाटावर मोबाईलवर आवाज रेकॉर्ड करत बसतो, सिनेमाचा साउंड एडिटर व्हायचंय म्हणतो, आणि त्याचे बाबा विचारतात की हे डीजेचंच काम ना.

नाही ओ, डीजेचं नाही. समजा सिनेमात दोघं घरात बोलतायत, एकाचा क्लोजअप सकाळी घेतला, दुसऱ्याचा दुपारी, तोवर बाहेरची रहदारी वाढलेली, मग प्रत्येक कटला मागचा आवाज उडी मारतो. साउंड एडिटर काय करतो तर त्याच खोलीत कुणी न बोलता रेकॉर्ड केलेली शांतता, तिला रूम टोन म्हणतात, ती मधल्या जागांत भरतो, कडा हळूच एकमेकांत मिसळतो, एखादा शब्द खराब असेल तर दुसऱ्या टेकमधला, म्हणजे तोच प्रसंग परत शूट केला त्यातला, शोधून ओठांवर बसवतो. सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे एक फ्रेम साधारण 42 मिलिसेकंदांची, दोनचार फ्रेम इकडेतिकडे झाल्या तरी बघणाऱ्याला कायतरी खटकतं. पावलं, दाराची कडी, बांगड्या हे तर बऱ्याचदा स्टुडिओत नव्याने करून घेतात, त्याला फोली म्हणतात. आणि एवढं सगळं नीट जमलं की ते कुणाच्या लक्षातसुद्धा येत नाही. हे ज्याला चालतं त्यानंच यात यावं.

त्याला एक दुपार मिरजेला सतारमेकर गल्लीत पाठवा. तंबोऱ्याची जवारी लावताना, म्हणजे तारेचा झंकार जुळवताना, तारेखालचा दोरा केसभर सरकवतात आणि आवाज खुलतो, ते त्याला ऐकू येतंय का बघा, कारण सॉफ्टवेअर कुणीही शिकतं, कानाला वर्षं लागतात.

बारावीचं फिजिक्स मात्र सोडू देऊ नका. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, साउंडचा 3 वर्षांचा कोर्स आहे, त्याला पदवी लागते, बारावीला फिजिक्स लागतं, वर प्रवेश परीक्षा. कोलकात्याच्या सत्यजित राय फिल्म इन्स्टिट्यूटलाही साउंड आहे. रसूल पूकुट्टी एफटीआयआयचेच, 2009 ला साउंड मिक्सिंगचं ऑस्कर मिळालं त्यांना. पण खरं सांगते, सुरुवातीची वर्षं मुंबईत असिस्टंट म्हणून जातात, पैसे कामागणिक आणि उशिरा, तेव्हा घरून थोडा आधार लागेल, तो देता येईल का हे तुम्ही दोघांनी आत्ताच बोलून घ्या. आणि सहा महिन्यांत साउंड इंजिनियर करतो म्हणून लाखांत फी मागणाऱ्यांना लगेच चेक देऊ नका.

परीक्षा झाली की त्याला एक काम द्या. तुम्ही स्वयंपाक करतानाचा 2 मिनिटांचा व्हिडिओ काढायचा, त्यातला आवाज पूर्ण काढून टाकायचा, आणि लाटणं, फोडणी, कुकरची शिट्टी, तुमची पावलं सगळं वेगळं रेकॉर्ड करून परत बसवायचं. रीपर नावाचं आवाज जोडायचं सॉफ्टवेअर 60 दिवस फुकट वापरता येतं. पहिल्या दिवशी झालं म्हणून उठला तर छंद आहे, राहू दे. पण पावलं चपलेची वाटतायत, आई तर अनवाणी होती म्हणून तिसऱ्या दिवशी आपणहून परत करायला बसला, तर त्याच्या बाबांना हेडफोन लावून ते ऐकवा आणि मग तिघं मिळून मला लिहा.