विचारलं तर डोक्यात भरेल का?

"मॅडम, मी त्याला विचारलंच नाही. मुद्दामच नाही. उगाच नसतं डोक्यात भरायचं."

माझ्याकडे समुपदेशनासाठी आलेल्या ताई हे तिसऱ्यांदा सांगत होत्या. धाकटा भाऊ बाहेरच्या खोलीत बसला होता. भागीदारीतला धंदा बुडून वर्ष होत आलेलं, कर्ज अंगावर, झोप उडालेली. ज्या कॅमेऱ्याला तो कुणाला हात लावू देत नसे, तो गेल्या आठवड्यात त्याने भाच्याला देऊन टाकला. "आता मला नाही लागायचा," म्हणाला. हा आत्महत्येचा विचार तर करत नसेल, या शंकेने ताईंच्या काळजात धस्स झालं.

अगदीच विचारलं नव्हतं असंही नाही. "असला काही वेडावाकडा विचार तर नाही ना करत तू?" असं त्यांनी एकदा म्हटलं होतं. तो "छे" म्हणाला आणि विषय संपला. संपणारच. त्या प्रश्नातच "नाही म्हण बाबा" अशी विनवणी दडलेली असते, आणि आधीच सगळ्यांना ओझं झालोय असं ज्याला वाटतंय तो ती विनवणी बरोबर ऐकतो.

(भावाच्या परवानगीने लिहितेय. ओळख पटेल असे तपशील बदललेत.)

विचारलं तर डोक्यात भरेल ही भीती मला आई-वडील, नवरा-बायको, शिक्षक सगळ्यांकडून ऐकू येते. उत्तर सरळ आहे: विचारल्याने आत्महत्येचा विचार पेरला जात नाही. यावर बरेच अभ्यास झालेत. २०१४ साली त्यांचा एकत्र आढावा घेतला गेला, तेव्हा विचारल्यामुळे असे विचार लक्षणीयरीत्या वाढल्याचं एकाही अभ्यासात आढळलं नाही. माझा अनुभव सांगायचा तर, विचारल्यावर बहुतेकांचे खांदे खाली येतात. इतके दिवस एकट्याने सांभाळलेली गोष्ट कुणीतरी नाव घेऊन उच्चारलेली असते.

भाऊ आत आला. आधी गोपनीयतेचं सांगितलं: इथलं बोलणं इथेच राहील, मात्र तुमच्या जिवाला धोका आहे असं वाटलं तर मी गप्प बसणार नाही, आणि कुणाला काय सांगायचं ते शक्यतो तुमच्याशी बोलूनच ठरवेन. हे नंतर सांगितलं तर दगा दिल्यासारखं होतं. मग अर्धा तास धंदा, भागीदार, रात्री. आणि मग म्हटलं, "इतकं सगळं एकदम अंगावर आलं की काहींना वाटतं, जगूच नये. तुमच्या मनात जीव देण्याचा विचार येतो का?"

तो बराच वेळ स्वतःच्या बोटांकडे बघत राहिला. मग म्हणाला, "रोज."

खरं काम इथून सुरू होतं. हे ऐकल्यावर ऐकणाऱ्याला घाई सुटते, मलाही सुटते. आईकडे बघ, आयुष्य किती सुंदर आहे, वगैरे. ते गिळायचं. आधी विचारायचं: केव्हापासून? काही ठरवलंय का? साधन हाताशी आहे का? याआधी कधी प्रयत्न? आणि माझ्या दृष्टीने सर्वांत मोलाचं: आजवर कशाने थांबलात? जीव द्यायला निघालेल्या माणसाला बहुधा मरणापेक्षा वेदनेतून सुटका हवी असते. जगावं आणि जगू नये, दोन्ही त्याच्यात एकाच वेळी चालू असतं. समुपदेशक जगू पाहणाऱ्या बाजूला बोलतं करतो, पण दुसऱ्या बाजूला खोटं पाडून नव्हे.

त्याने ठरवलेलं होतं, पण दिवस ठरवलेला नव्हता. दिवस ठरलेला असता किंवा खोलीबाहेर पडल्यावर स्वतःला सांभाळण्याची खात्री तो देऊ शकला नसता, तर त्याला एक क्षणही एकटं न सोडता थेट रुग्णालयात नेलं असतं. तशी वेळ नव्हती. त्याच्यासमोरच मनोविकारतज्ज्ञांना फोन लावून दुसऱ्या दिवशीची वेळ घेतली. झोप आणि नैराश्यासाठी औषधाची गरज होती, नुसत्या बोलण्याने भागणारं नव्हतं.

इथे माझी एक जुनी चूक कबूल करते. सुरुवातीच्या काळात मी क्लायंटकडून लिहून घ्यायचे, "मी जिवाचं बरंवाईट करणार नाही", खाली सही. एकीने नंतर मला सांगितलं, "सही केली, कारण तुम्हाला ती हवी होती." तेव्हापासून तो कागद बंद. असं वचन माणसाला वाचवतं याला भक्कम आधार नाही, आणि ते दिल्यावर पुन्हा विचार आले तर माणूस शरमेने गप्प बसतो.

त्याऐवजी आता सुरक्षा आराखडा करते. बार्बरा स्टॅनली आणि ग्रेगरी ब्राउन या मानसशास्त्रज्ञांनी तो बसवला. कागद एकच, पण लिहायचा क्लायंटने, त्याच्या शब्दांत. वाईट वेळ येतेय हे कशावरून कळतं, तेव्हा एकट्याने काय करता येईल, कुणाच्या सोबतीत मन दुसरीकडे जातं, मदत कुणाकडे मागायची, तज्ज्ञ आणि हेल्पलाइनचे नंबर, आणि साधन दूर कसं ठेवायचं. हे शेवटचं टाळू नये. तीव्र आवेग पुष्कळदा थोड्या वेळाने ओसरतो. तेवढा वेळ साधन हाताशी नसणं फार मोठी गोष्ट आहे. त्याचं साधन काय होतं ते इथे लिहिणार नाही. त्याच्या संमतीने ताईंनी ते त्याच दिवशी घराबाहेर हलवलं.

पहिल्या रकान्यात त्याने "टेन्शन" लिहिलं. म्हटलं, टेन्शन कसं दिसतं? बाहेरच्याला कळेल असं काही? त्याने शब्द खोडला. पेन तसंच धरून बसला आणि मग लिहिलं: "फोन पालथा ठेवतो."

ताईंना आत बोलावून त्याने स्वतःच तो कागद वाचून दाखवला. फोनच्या ओळीवर त्या म्हणाल्या, "मला वाटायचं, कुणी मुलगी आहे." तो हसला. त्या तासातलं पहिलं हसू.

पुढचे महिने काही सरळ गेले नाहीत. मध्ये त्याने येणंच थांबवलं. अशा वेळी मला जेरोम मोटो आठवतात. या मनोविकारतज्ज्ञांनी रुग्णालयातून घरी गेलेल्या आणि पुढचे उपचार नाकारलेल्या ८४३ जणांपैकी निम्म्यांना काही वर्षं अधूनमधून दोन-चार ओळींची पत्रं पाठवली. मागणी कसलीच नाही, फक्त चौकशी. पहिल्या दोन वर्षांत त्या गटात आत्महत्या कमी झाल्या. मी पत्र लिहीत नाही, मेसेज करते: "आठवण आली. उत्तर द्यायलाच हवं असं नाही." त्याने उत्तर दिलं नाही. तीन आठवड्यांनी आला.

मध्यंतरी एका रात्री ताईंचा फोन आला. जेवताना त्याचा फोन पालथा दिसला होता. मी काही बोलायच्या आत त्या म्हणाल्या, "विचारलं मी. सरळ विचारलं, मरायचं मनात येतंय का म्हणून. हो म्हणाला." आवाज थरथरत होता. "आता त्याच्याच खोलीत बसलेय. कागद काढलाय आम्ही. तिसऱ्या ओळीवर आहोत."