व्हिक्टोरियन (एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमधल्या) कादंबऱ्यांवरची समीक्षा वाचल्याशिवाय त्यांच्यावर बेतलेल्या आजच्या कादंबऱ्या कळत नाहीत का? सुरुवात कुठून करू?

कळतात. समीक्षेसाठी अडून बसू नका. हे ठामपणे सांगते, कारण याच मुद्द्यावर एम.ए.च्या प्रबंधिकेतलं माझं एक अख्खं प्रकरण गेलं.

विषय होता शार्लट ब्राँटेची 'जेन एअर' (१८४७) आणि जीन ऱ्हीसची 'वाइड सरगॅसो सी' (१९६६). मी लिहिलं होतं की ऱ्हीसची कादंबरी हीच ब्राँटेवरची समीक्षा आहे. सरांनी समासात लाल पेनने लिहिलं, 'कादंबरी हा पुरावा नव्हे. समीक्षकाचा आधार द्या.' आणि पुढच्या अकरा पानांवर तिरकी रेघ.

'जेन एअर'चं सव्विसावं प्रकरण काढा. नायिका जेन आणि रॉचेस्टर यांचं लग्न ऐनवेळी मोडतं आणि तो सगळ्यांना आपल्या घराच्या तिसऱ्या मजल्यावर नेतो. खोलीच्या टोकाला अंधारात काहीतरी येरझाऱ्या घालतंय. माणूस की जनावर, जेनला आधी ओळखूच येत नाही. ती त्याला 'ते' म्हणते. ही रॉचेस्टरची आधीची बायको बर्था, वेडी म्हणून कोंडलेली, जमैकाची, तीस हजार पौंड घेऊन आलेली. अख्ख्या कादंबरीत तिचं एक वाक्य आपल्याला थेट ऐकू येत नाही. भावाला चावताना ती काय म्हणाली, तेही भाऊच सांगतो.

ऱ्हीस कॅरिबियनमधल्या डॉमिनिका बेटावर वाढलेली गोरी क्रिओल, म्हणजे तिथेच जन्मलेली युरोपीय वंशाची. तिने या बाईला बोलतं केलं, अंत्वानेत हे नाव दिलं, आणि 'बर्था' हे नवऱ्याने लादलेलं नाव ठरवलं. नवऱ्याला मात्र पुस्तकभर नाव नाही. इतकं नेमकं वाचन कुठल्या समीक्षकाने केलंय?

सालं बघा ना, हे गाजलेले समीक्षक ऱ्हीसनंतरचे. माळ्यावरच्या वेड्या बाईवरचं गिल्बर्ट आणि गुबार यांचं गाजलेलं पुस्तक १९७९चं. समीक्षक गायत्री स्पिव्हाक यांचा 'जेन एअर'वरचा लेख १९८५चा, आणि त्यात ऱ्हीसची कादंबरी ब्राँटेच्या शेजारी ठेवूनच वाचली आहे. सरांना हे दाखवलं तर म्हणाले, 'वाद नको, सबमिशनची तारीख बघा.' मी प्रकरण काढलं. काढायला नको होतं.

उलटंही घडतं, आधी अभ्यास आणि मग कादंबरी, हे मान्य. इंग्रजी कादंबरीकार सेरा वॉटर्सने आधी १८७०नंतरच्या समलिंगी ऐतिहासिक कादंबऱ्यांवर पीएच.डी. केली आणि १९९८ मध्ये तिची व्हिक्टोरियन काळात घडणारी कादंबरी 'टिपिंग द वेल्व्हेट' आली.

तुम्ही आधी दोन्ही कादंबऱ्या वाचा, मग स्पिव्हाक. प्रबंध लिहिणार असाल आणि कुणी पुरावा मागितला, तर सव्विसावं प्रकरण उघडून समोर ठेवा. माझी ती अकरा पानं अजून आहेत, हवी असतील तर पाठवते.