नॉरिल्स्कचा नट

राजा,

"सत्तावीस संपलं, नाट्यशाळेचा शिक्का नाही, आता मला कोण घेणार?" असं तू फोनवर म्हणालास तेव्हा मी गप्प बसलो. डोक्यात इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की हा रशियन नट घोळत होता. फोनवर नाव घेतलं असतं तर तू तीनदा 'कोण?' विचारलं असतंस. म्हणून हे पत्र.

हा सायबेरियातल्या तोम्स्क भागातल्या खेड्यात १९२५ साली जन्मला. अठराव्या वर्षी दुसऱ्या महायुद्धात आघाडीवर गेला. कुर्स्कची लढाई झाली, द्नीपर नदी ओलांडली आणि कीव्हजवळ जर्मनांच्या हाती सापडला. तिथून निसटला, एका युक्रेनियन कुटुंबाने लपवलं, आणि पुन्हा सैन्यात शिरून जर्मनीपर्यंत गेला. पण शत्रूच्या कैदेत राहून आलेला माणूस स्टॅलिनच्या राज्यात संशयितच. म्हणून १९४६ मध्ये तो आपणहून ध्रुववृत्तापलीकडच्या नॉरिल्स्कला गेला, तिथल्या नाटक मंडळीत. त्या शहराभोवती कैद्यांच्या छावण्याच होत्या. तिथून आणखी लांब कुठे धाडणार? एवढाच हिशेब.

शिक्षण विचारशील तर क्रास्नोयार्स्कच्या नाट्य स्टुडिओत थोडे दिवस, बस. नॉरिल्स्कमध्ये मिळेल ते काम केलं. हद्दपारीत आलेला गिऑर्गी झ्झ्योनोव्ह हा मोठा नट तिथे त्याच्याबरोबर होता. मग माखाच्काला, मग स्टालिनग्राड. १९५५ मध्ये मॉस्कोला आला तेव्हा एकेका नाट्यगृहाने दार लावलं. तीस वर्षांचा होता तेव्हा, तुझ्याहून मोठा.

आता नीट ऐक. 'दुःख भोगलं म्हणून मोठा झाला' असं मला म्हणायचं नाही. तसलं ऐकलं की मला राग येतो. युद्ध भोगलेले लाखो होते, ते सगळे काही नट झाले नाहीत.

'सैनिक' या १९५६ च्या चित्रपटातलं त्याचं काम पाहून लेनिनग्राडच्या बोल्शोई नाट्यगृहाचे दिग्दर्शक तोव्स्तोनोगोव यांनी त्याला दोस्तोयव्हस्कीच्या 'इडियट' कादंबरीवरच्या नाटकात प्रिन्स मिश्किन, म्हणजे तिचा भाबडा नायक, दिला. आणि तालमीत काम जमेचना! सहकलाकार कंटाळले. अशातच एकदा चित्रपटाच्या स्टुडिओत, माणसांच्या गजबजाटात, कोणीतरी उभ्याउभ्या पुस्तक वाचताना त्याला दिसला. आजूबाजूचा गोंधळ त्या माणसापर्यंत पोचतच नव्हता. तो वाचणारा छावणीत वर्षं काढून आलेला आहे, हे स्मोक्तुनोव्स्कीला मागाहून कळलं. पण मिश्किन तिथेच सापडला होता, त्या उभं राहण्यात. ३१ डिसेंबर १९५७ ला पहिला प्रयोग झाला आणि प्रेक्षक वेडे झाले.

तुझ्या परवाच्या एकांकिकेत तू किती वेळा हात हलवलेस, मोजलेस? मी मोजत होतो. शेवटी सोडून दिलं.

हॅम्लेट पुढचा. कोझिन्त्सेव्हचा चित्रपट, १९६४. संहिता पास्तरनाकच्या अनुवादाची, संगीत शोस्ताकोविचचं. त्यासाठी लेनिन पुरस्कार मिळाला. मला मात्र दोन वर्षांनंतरची 'गाडी सांभाळा' ही विनोदी फिल्म जास्त महत्त्वाची वाटते. त्यात तो विम्याचा एजंट आहे. लाचखाऊंच्या गाड्या चोरून विकतो आणि पैसे अनाथाश्रमांना पाठवतो. हा एजंट हौशी नाटकात काय करतो, माहीत आहे? हॅम्लेट! आणि त्याच्यामागे लागलेला पोलीस होतो लेअर्टीस, हॅम्लेटशी शेवटी तलवारीने लढणारा. देशभर गाजलेल्या भूमिकेची इतक्या लवकर स्वतःच थट्टा करायला छाती लागते. आपल्याकडे एक भूमिका गाजली की माणूस पुढची वीस वर्षं तिच्याच चालीने चालतो.

मग रंगमंचावर झार फ्योदोर, १९७६ पासून मॉस्को आर्ट थिएटर, चेखॉवचा इव्हानोव्ह. १९९४ मध्ये गेला. यादी तुला इंटरनेटवर मिळेल, मी कशाला लिहू?

ऑडिशन देत राहा, त्यात मी पडत नाही. तालुक्याच्या गावची ती मंडळी बोलावतेय म्हणालास, तिथे जा. नाट्यगृह गळकं असेल, मानधन बुडेल, पण महिन्याला आठ-दहा वेळा प्रेक्षकांसमोर उभा राहशील. इथे वर्षाला दोनदा राहतोस.

रविवारी संध्याकाळी घरी ये. स्वगत पाठ करून येऊ नकोस. येताना लोकलमध्ये समोर बसलेला एखादा माणूस कसा बसला होता, तेवढं मला बसून दाखव. हात मांडीवर. चहा तोवर होईलच.

तुझा,
काका