'लांब निघालासा?' याला काय उत्तर द्यायचं?

नोकरीसाठी पुण्याहून कोल्हापुरात आलेल्या एका वाचकांनी विचारलंय, "शेजारचे काका जिन्यात दिसले की रोज 'काय, लांब निघालासा?' म्हणतात. रोज खरं सांगायचं का? आणि 'लांब'च का?"

आधी 'लांब'चं बघू. बाहेर पडणाऱ्याला 'कुठं?' विचारलं की त्याचं काम होत नाही, असा जुना समज. माझ्या आजीसमोर कुणाच्या तोंडून 'कुठं' निसटलं, तर ती निघालेल्याला परत आत बोलवायची, घोटभर पाणी पाजायची आणि मगच सोडायची. त्या 'कुठं'च्या जागी हे 'लांब' आलं, आणि मला ते फार आवडतं. 'कुठं'ला गावाचं, कामाचं नाव सांगावं लागतं. 'लांब'ला "न्हाई, हितंच जरा" एवढं पुरतं. विचारपूस होते आणि तुमचं काम तुमच्यापाशीच राहतं.

'निघालासा' म्हणजे 'निघालात'. काका तुम्हाला अहोजाहो करतायत, तेवढं ध्यानात असू द्या.

तेव्हा खरा पत्ता सांगायची गरज नाही, पण गप्प राहूनही चालणार नाही. ट्रोब्रियांड बेटांवर राहून आलेले मानववंशशास्त्रज्ञ मालिनोव्स्की यांनी १९२३ साली अशा बोलण्याला 'फॅटिक कम्युनिअन' असं नाव दिलं. माहिती देण्यासाठी नव्हे, तर नुसत्या बोलण्यानं माणसं जोडली जावीत म्हणून बोललेलं बोलणं. आपल्याकडं ते परतफेडीवर चालतं. "हितंच. तुमचा च्या झाला?" असं विचारलंत की फेरी पूर्ण झाली.

संध्याकाळी गंगावेशीत दूध कट्ट्यावर उभं राहून ऐका. "काय म्हणतंय?" "निवांत!" धारोष्ण दुधाचा पेला हातात येईपर्यंत हे चार जणांशी होतं. पण एखाद्यानं 'निवांत' न म्हणता खालच्या आवाजात "चाललंय बघा" म्हटलं, की विचारणारा पेला खाली ठेवतो. "का ओ? काय झालं?" हा दुसरा प्रश्न मात्र खरा असतो. त्याला खरंच सांगायचं. पहिला रोज विचारलेला असतो, म्हणूनच दुसरा विचारता येतो.

आणि काकांकडून निघताना 'जातो' म्हणू नका, 'येतो' म्हणा. ते "या" म्हणतील. मग खुशाल निघा.