मालकी मालकाची, पोलादाचा कोटा सरकारचा

कारखान्यात काय बनवायचं हे संकटकाळात सरकारच ठरवू लागलं, तर त्या व्यवस्थेला भांडवलशाही कशाला म्हणायचं, असं तुम्ही विचारलंय. यावर बहुतेकजण रशियाचे दाखले देतात. मला अमेरिकेचं उदाहरण जास्त बोलकं वाटतं.

1941 साली तिथे तीस लाखांहून जास्त मोटारी बनल्या. पर्ल हार्बरवर जपानने हल्ला केला आणि अमेरिका दुसऱ्या महायुद्धात उतरली. त्यानंतर, फेब्रुवारी 1942 मध्ये, खासगी मोटारींचं उत्पादन सरकारी हुकमाने बंद झालं. फोर्ड किंवा जनरल मोटर्सची मालकी मात्र कुणी हिसकावली नाही. फोर्ड मिशिगनमधल्या विलो रनच्या कारखान्यात बॉम्बर विमानं बनवू लागली.

खरी मेख होती कच्च्या मालात. वॉर प्रॉडक्शन बोर्ड, म्हणजे युद्धकाळातलं उत्पादन ठरवणारं सरकारी मंडळ, आधी अग्रक्रम ठरवून द्यायचं: ज्याचा क्रम वरचा, त्याला पोलाद आधी. मग काय, जो तो आपलीच ऑर्डर वर चढवू लागला आणि वरच्या क्रमाला काही किंमतच उरली नाही. शेवटी 1943 मध्ये पोलाद, तांबं आणि अ‍ॅल्युमिनियम या तीनच धातूंचे कोटे बांधून दिले. मोजके धातू हातात ठेवले की बाकीचं बरंचसं आपोआप जागेवर येतं. पोलादच नाही, तर फ्रिज बनवणार कशाचा?

आणि हे चालवत कोण होतं? बोर्डाचे प्रमुख डोनाल्ड नेल्सन सीअर्स रोबक या किरकोळ विक्रीच्या बड्या कंपनीतून आलेले. जनरल मोटर्सचे अध्यक्ष विल्यम नुडसेन वर्षाला एक डॉलर पगार घेऊन सरकारी कामात उतरलेले. सरकारी पैशाने उभे राहिलेले कारखाने कंपन्यांनाच भाड्याने दिले गेले, आणि युद्धानंतर त्यातले कितीतरी त्यांनीच स्वस्तात घेतले. याला समाजवाद म्हणायचं तर कठीणच आहे!

अर्थात सगळे मालक खूश नव्हते. माँटगोमेरी वॉर्ड या किरकोळ विक्रीच्या कंपनीचे प्रमुख स्यूएल एव्हरी यांनी कामगार तंटे सोडवणाऱ्या सरकारी मंडळाचा आदेश धुडकावला, तेव्हा एप्रिल 1944 मध्ये दोन सैनिकांनी त्यांना खुर्चीत बसल्यासारखं उचलून शिकागोच्या ऑफिसाबाहेर आणलं. तो फोटो जरूर शोधून बघा. पण असा बळाचा वापर अपवादच. कोटा आणि कंत्राट हातात असताना त्याची गरज क्वचितच पडायची.

जड गेलं ते ही नियंत्रणं उठवणं. 1946 च्या उन्हाळ्यात युद्धकाळातलं किमतींवरचं नियंत्रण उठलं तशा किमती भडकल्या. ते पुन्हा लागू केलं, तर पशुपालक जनावरंच बाजारात आणेनात. ऑक्टोबरात राष्ट्राध्यक्ष ट्रुमन यांनी मांसावरचं नियंत्रण काढलं, आणि पुढच्याच महिन्यात त्यांच्या पक्षाने काँग्रेसची, म्हणजे अमेरिकी संसदेची, दोन्ही सभागृहं गमावली.