एवढे लांब शॉट घेतले कोणी?

प्रश्न : फिल्म क्लबमध्ये ग्रीक डायरेक्टर थिओ अँजेलोपोलसचा 'लँडस्केप इन द मिस्ट' बघितला, अजून डोक्यातून जात नाहीये. सगळे डायरेक्टरबद्दलच बोलत होते, पण कॅमेरा कोणाचा होता? त्याचं बाकी काम कुठलं, आणि आधी काय बघू?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : बरं झालं विचारलंत, या माणसाचं नाव खरंच फार कमी घेतलं जातं. कॅमेरा योर्गोस आर्वानितिसचा. जन्म १९४१ चा. अँजेलोपोलसच्या पहिल्या फीचर फिल्मपासून, म्हणजे १९७० च्या 'रिकन्स्ट्रक्शन'पासून, ते १९९८ मध्ये कान्स फेस्टिव्हलचं सगळ्यात मोठं बक्षीस, पाम द'ओर, मिळवणाऱ्या 'इटर्निटी अँड अ डे'पर्यंत ही जोडी टिकली.

माझ्या मते त्याचं सगळ्यात मोठं काम 'द ट्रॅव्हलिंग प्लेयर्स' (१९७५). पिक्चर जवळपास चार तासांचा आणि शॉट, म्हणजे मध्ये कट न करता सलग घेतलेले तुकडे, फक्त ऐंशीच्या आसपास! ग्रीसमध्ये लष्करी राजवट होती तेव्हाच शूटिंग सुरू झालेलं. त्यात एका शॉटमध्ये १९५२ च्या निवडणुकीचा प्रचार चालू असतो, नाटक मंडळी रस्त्याने चालत राहतात, कॅमेरा त्यांच्याबरोबर, आणि मध्ये एकही कट नाही तरी रस्ता संपेपर्यंत साल १९३९ झालेलं असतं. आता विचार करा, ३५ एमएमच्या हजार फुटी रिळात जेमतेम अकरा मिनिटं मावतात, तेवढ्यात ट्रॉली, फोकस, एक्स्पोजर, लांबवर उभी असलेली माणसं, सगळं जुळून यायला पाहिजे, नवव्या मिनिटाला कोणी चुकलं की परत पहिल्यापासून.

आणि तो राखाडी उजेड. ग्रीस म्हटलं की आपल्याला निळा समुद्र, पांढरी घरं आणि कडक ऊनच आठवतं ना, या दोघांनी मुद्दाम हिवाळा, पाऊस, धुकं आणि ढगाळ दिवस निवडले. त्यात कॅमेरामनची सोयही आहे, ढग असले की लांब शॉटमध्ये उजेड फारसा कमीजास्त होत नाही आणि कॅमेऱ्याची सावलीही कुठे पडत नाही. तुम्ही बघितलेल्या पिक्चरमधला तो समुद्रातून वर येणारा भलामोठा दगडी हात आठवा, तर्जनी तुटलेली, हेलिकॉप्टर त्याला उचलून थेस्सालोनिकी या ग्रीक शहरावरून नेतं. तिथे लख्ख ऊन असतं तर तो हात नुसता पुतळ्याचा तुकडा वाटला असता, असं मला मनापासून वाटतं.

पुढे त्याने फ्रान्समध्ये बरंच काम केलं. कॅथरीन ब्रेया या फ्रेंच डायरेक्टरचा 'रोमान्स' (१९९९) त्याचाच, मोकळी मैदानं जाऊन बंद खोल्या आल्या आणि तिथेही हा माणूस तितकाच पक्का (पिक्चर फक्त मोठ्यांसाठी आहे, घरी सगळ्यांसोबत लावू नका). अ‍ॅग्निएश्का हॉलंड या पोलिश डायरेक्टरचा 'टोटल एक्लिप्स'ही त्याचाच, १९९५ चा. त्याच वर्षी अँजेलोपोलसबरोबरचा 'युलिसिस गेझ' आला, डॅन्यूब नदीतून बार्जवर आडवा पडून जाणारा लेनिनचा अजस्र पुतळा त्यातलाच.

सुरुवात 'रिकन्स्ट्रक्शन'पासून करा, ब्लॅक अँड व्हाइट आहे आणि फार लांबही नाही. मग 'युलिसिस गेझ'. 'ट्रॅव्हलिंग प्लेयर्स' मात्र सुट्टीच्या दिवशी, मोठ्या पडद्यावर मिळाला तर उत्तमच, आणि फोन दुसऱ्या खोलीत ठेवून.