"लग्न तेवढं नीट करून द्या" म्हणजे नक्की किती?

प्रश्न: ताई नमस्कार. मी भांडुपला राहते, वय २७, एका लॅबमधे नोकरी करते. लग्न ठरलंय, फेब्रुवारीत करू असं दोन्हीकडचं म्हणणं आहे. बाबा बेस्टमधे ड्रायव्हर आहेत, पुढच्या वर्षी रिटायर होतील. माझं सेव्हिंग आणि बाबांनी बाजूला ठेवलेले मिळून ४ लाख आहेत. मुलाकडचे चांगले आहेत, हुंड्याचा विषयसुद्धा काढला नाही, फक्त बैठकीत त्याचे काका म्हणाले की आमची काहीच अपेक्षा नाही, लग्न तेवढं नीट करून द्या, आमची २०० माणसं असतील. आमची यादी बाबांनी काढली ती ३५० वर गेली. हॉलवाला एका सेशनचे ८५ हजार सांगतोय, केटरर ४५० रुपये ताट. बाबा म्हणतात पीएफमधून काढू. मला ते अजिबात नकोय पण बोलायला गेले की आई म्हणते एकुलती एक आहेस, लोक काय म्हणतील. काय करू?
— स., भांडुप

उत्तर: स., तुझं पत्र वाचलं आणि आधी हिशोबच मांडला. ५५० माणसं, ४५० रुपये ताट, म्हणजे २ लाख ४७ हजार ५००. हॉल धरला की ३ लाख ३२ हजार ५००. उरले ६७ हजार ५००, आणि त्यात मंगळसूत्र, शालू, भटजी, फुलं, फोटो, गाड्या, मानपान सगळं बसवायचं. ते बसणार नाही हे बाबांना कळलंय म्हणून ते पीएफ म्हणतायत, त्यांच्यावर चिडू नकोस. पण त्या पैशाला हात लावू देऊ नकोस, हे मी अगदी कळकळीने सांगतेय.

माझं लग्न १९९३ साली गिरगावात झालं. दोन पंगती उठल्या, सगळे म्हणाले छान झालं. माझे वडील गेल्यावर त्यांचं कपाट आवरताना पतपेढीच्या कर्जाचं पासबुक सापडलं, निळ्या शाईत दर महिन्याला ६४० रुपये, एकही महिना चुकलेला नाही, शेवटची नोंद २००० सालातली. तोवर माझा मुलगा शाळेत जायला लागला होता. सात वर्षं ते आमच्या त्या एका दुपारचे हप्ते भरत होते आणि मला माहीतच नव्हतं. म्हणून हे पत्र आलं तेव्हा बाकीची पत्रं बाजूला ठेवली.

आता त्या काकांच्या वाक्याकडे ये. "काही अपेक्षा नाही, लग्न तेवढं नीट करून द्या" हे आपल्याकडे इतक्या घरांतून बोललं जातं की बोलणाऱ्यालाही त्याचा बोजा जाणवत नाही. पण "नीट" म्हणजे किती माणसं, काय जेवण, कुणाकुणाला कपडे हे कोणी बोलत नाही, मग मुलीचा बाप घाबरून सगळ्यात मोठा अर्थ लावतो आणि तिथेच बजेट जातं. ते आकड्यात विचारायचं, आणि बाबांनी नाही, तू विचारायचंस, तुझ्या होणाऱ्या नवऱ्याला. दोघं बाहेर चहाला बसा आणि त्याला हाच हिशोब दाखव, ४ लाख आहेत हेही सांग, लपवू नकोस. मग त्याने स्वतःच्या घरी बोलायचं. मुलाच्या तोंडून गेलेली गोष्ट त्या घरात ऐकली जाते, तीच तुझ्या बाबांनी सांगितली तर व्याही कुरकुर करतात असं होतं.

बोलताना एकच गोष्ट धर, ज्याची माणसं त्याची ताटं. हॉल निम्मा निम्मा. यात मागणं नाही की उपकार नाही, आणि गंमत नाही, खरं सांगते, स्वतःच्या खिशातून ताट भरायचं म्हटलं की २०० चे १०० आपोआप होतात. समजा त्यांची १०० आणि तुमची १२० झाली तर तुमची ताटं ५४ हजार, निम्मा हॉल ४२ हजार ५००, म्हणजे ९६ हजार ५००. तोच हॉल, तेच ताट, आणि ३ लाख ३२ हजाराच्या जागी हे. त्याने हे ऐकून तोंड वाकडं केलं तर तेही लग्नाआधी कळलेलं बरं.

३५० चे १२० कसे करायचे? तुमच्या घरी आहेराची वही असेल, कुणाकडे आपण काय दिलं, कुणी काय आणलं ती. बाबांची यादी बहुतेक तिच्यावरूनच निघालीये, त्यांच्याकडे आपण जेवलो मग त्यांना बोलवायला हवं. बाबांच्या शेजारी बस आणि एकेका नावाला एवढंच विचार, बाबा, गेल्या दोन वर्षांत यांच्याशी फोनवर तरी बोलणं झालंय का? खोडायचं काम त्यांच्याच हाताने होऊ दे, तू पेन घेऊ नकोस. वेळ लागेल, दोन तीन रात्री लागतील, मधेच ते एखाद्या नावावर अडतील आणि कुठली तरी जुनी आठवण सांगतील, ती ऐकून घे.

आणि जी नावं खोडली त्यांना तोडायचं नाही. लग्नानंतर आठवडाभरात सत्यनारायण घाला, बिल्डिंगच्या गच्चीवर नाहीतर सोसायटीच्या हॉलमधे, आणि बिल्डिंगवाले, बाबांच्या डेपोतले लोक, आईचं भजनी मंडळ सगळ्यांना तीर्थप्रसादाला बोलवा. शिरा, बटाटेवडा, चहा. नवी जोडी नमस्काराला वाकली, दोन शब्द बोलली की लोकांना बोलावल्यासारखं वाटतं, हॉलच्या स्टेजवर लाईन लावून फोटो काढण्यापेक्षा कितीतरी जास्त. आईला हे आधी सांग, तिची अर्धी काळजी तिथेच मिटेल.

हॉलचं म्हणशील तर रविवार सोडून मधल्या वारचा मुहूर्त बघ आणि ८५ हजारात काय येतं ते लिहून माग. सेशन किती ते किती, एसीचे वेगळे का, साफसफाई, वीज, डिपॉझिट परत कधी, डेकोरेटर त्यांचाच घ्यावा लागतो का, बाहेरचा केटरर आणला तर हॉलला द्यायची रॉयल्टी किती, आणि सांगितलेला आकडा जीएसटी धरून आहे का. हे शेवटचं लोक विचारत नाहीत आणि बिलात १८ टक्के बघून बसतात. संध्याकाळचं सेशन घेतलंत तर उघड्यावरचा लाऊडस्पीकर रात्री १० ला बंद होतो हे लक्षात ठेवा, म्हणजे डीजेवर खर्च करायचं कारणच उरत नाही.

केटररला मेन्यू मराठी ठेवायला सांग, मसालेभात, अळूची भाजी, कोथिंबीर वडी, जिलेबी, मठ्ठा. चायनीज आणि चाटचे काउंटर लावले की ताटाचा भाव चढतो. गॅरंटीचा आकडा, म्हणजे नक्की किती ताटांचे पैसे द्यायचे तो, मोजून दे, आणि घरातल्या एका खमक्या माणसाला, आत्या असेल तर उत्तम, जेवणाआधी ताटं मोजून घ्यायला आणि शेवटी परत मोजायला बसव. पत्रिका वडीलधाऱ्यांपुरत्या ५० छाप, गिरगावात खाडिलकर रोडला साध्या सुंदर मिळतात, बाकी व्हॉट्सअॅप. साड्या हिंदमाताला बघ. वेण्या, हार दादरच्या फुलबाजारातून, पण चुलतभाऊ नाहीतर मामेभाऊ पहाटे जायला तयार असेल तरच.

प्रश्न: आम्हाला फक्त रजिस्टर लग्न करायचंय. पण एक मित्र म्हणतो एका दिवसात होतं आणि दुसरा म्हणतो महिना लागतो. खरं काय?
— एक वाचक, परळ

उत्तर: दोघं वेगवेगळ्या गोष्टी सांगतायत. विधी करून लग्न झालं की त्याची नोंदणी करतात, ती मुंबईत महापालिकेच्या वॉर्ड ऑफिसात, लग्नानंतर ९० दिवसांच्या आत करा, तीन साक्षीदार लागतात. विधी नकोच असतील तर १९५४ चा विशेष विवाह कायदा. त्यात आधी विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस द्यायची, दोघांपैकी एकजण त्या जिल्ह्यात निदान ३० दिवस राहिलेला हवा, मग नोटिशीला ३० दिवस झाले की लग्न लावता येतं, आणि नोटीस दिल्यापासून ३ महिन्यांत ते उरकावं लागतं, नाहीतर परत नोटीस. इथेही तीन साक्षीदार. म्हणजे तारीख ठरवून घरी सांगायच्या आधी नोटीस द्या, उलटं केलंत तर धावपळ होते. जवळच्या वीस पंचवीस जणांना त्या दिवशी नीट जेवायला घाला, एवढं मात्र करा.

प्रश्न: मुलीसाठी माझ्या दोन पाटल्या मोडून मंगळसूत्र करावं म्हणते. सोनार फसवणार नाही ना याची भीती वाटते.
— एक आई, डोंबिवली

उत्तर: ताई, करा, घरातलं सोनं घरात राहतं. पाटल्या दोन तीन दुकानांत दाखवा आणि वजन आणि कस तुमच्या समोर करायला सांगा, तूट किती धरतायत ते वितळवायच्या आधी कागदावर लिहून घ्या. नव्या मंगळसूत्रावर हॉलमार्क आणि त्या दागिन्याचा स्वतःचा ६ अक्षर-आकड्यांचा एचयूआयडी नंबर हवा, तो बीआयएस केअर अॅपवर तिथेच उभं राहून तपासता येतो. घडणावळ दुकानागणिक वेगळी असते आणि तिथे घासाघीस चालते, लाजू नका. आणि दोन्ही पाटल्या एकदम मोडू नका. वाट्या आणि थोडे मणी एका पाटलीत होत असतील तर दुसरी तुमच्या हातात राहू द्या.